शेजारी राष्ट्रांचें न्यायासन

कुंपणच शेत खाऊं लागलें तर दाद कोणाकडे मागावी, हा प्रश्न आपल्या भाषेंतील म्हणीनें फार जुन्या काळापासून विचारून ठेविला आहे. परंतु त्याचें उत्तर मात्र त्या म्हणींत सांपडत नाहीं. चोरानें घर फोडिलें तर आपण पोलिसांकडे जातों. सावकारानें लुबाडिलें तर कोर्टांत फिर्याद करितों. पण ज्या राजसत्तेनें आपलें रक्षण करावयाचें, तिनेंच एखाद्या माणसाला विनाचौकशी तुरुंगांत टाकिलें, त्याचा छळ केला किंवा त्याचें तोंड बंद केलें, आणि देशांतील न्यायाधीशही भीतीनें वा कायद्याच्या बंधनानें स्वस्थ बसले, तर त्या माणसानें कोणत्या दारावर थाप मारावी? गेल्या पाऊणशें वर्षांत जगाच्या कांहीं भागांत ह्या प्रश्नाचें एक उत्तर शोधलें गेलें आहे. तें असें कीं, शेजारी राष्ट्रांनीं एकत्र येऊन एक सामायिक न्यायासन उभारावें, आणि आपापल्या प्रजेला त्या न्यायासनापुढें प्रत्यक्ष आपल्याच सरकारविरुद्ध उभें राहण्याची मुभा द्यावी. हें न्यायासन कसें उभें राहिलें, कोठें बळावलें, कोठें खचलें आणि आपल्या भागांत तें कां नाहीं, ह्याची माहिती विद्यार्थिवाचकांस करून द्यावी, हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

ही कल्पना आपणांस अगदींच परकी वाटावयाचें कारण नाहीं. मराठी राज्यांत वतनाचा तंटा लागला, आणि आपल्या गांवच्या सभेंत प्रतिपक्षाचें वजन असल्यामुळें निवाडा निःपक्षपातानें होणार नाहीं अशी शंका वादीस आली, तर तो 'परस्थळ' मागत असे. म्हणजे ज्या ठिकाणच्या लोकांचा त्या तंट्यांत हितसंबंध नाहीं, अशा दुसऱ्या ठिकाणीं तो वाद नेला जाई. शेजारचा माणूस आपल्या चालीरीती जाणतो, आणि तरीही आपल्या घरच्या भांडणांत गुंतलेला नसतो, हें त्यामागील तत्त्व होय. राष्ट्रांच्या बाबतींत हेंच तत्त्व लागू करावयास मात्र जगाला दोन महायुद्धें पाहावीं लागलीं.

त्यापूर्वीं सर्वसाधारण समज असा होता कीं, एखादें सरकार परकी माणसांस कसें वागवितें ह्याचा जाब दुसरीं राष्ट्रें विचारूं शकतात. परंतु तें स्वतःच्या प्रजेस कसें वागवितें, हा त्याच्या घरचा प्रश्न होय. १९३३ नंतर जर्मनींत ज्यू नागरिकांचे हक्क एकामागून एक कायद्यानेंच काढून घेण्यांत आले, तेव्हां ह्या समजुतीचें खरें स्वरूप उघडें पडलें. अपर सायलेशिया नांवाच्या एका प्रांतापुरता जर्मनी आणि पोलंड ह्यांच्यामध्यें १९२२ मध्यें एक करार झालेला होता, आणि त्या करारांत तेथील रहिवाशांना राष्ट्रसंघाकडे तक्रार करण्याची सोय होती. तेथील एका साध्या ज्यू नोकरदारानें १९३३ मध्यें अशी तक्रार केली, आणि त्या एका अर्जामुळें त्या प्रांतापुरते ज्यूविरोधी कायदे थांबवावे लागले. १९३७ मध्यें कराराची मुदत संपली आणि तें संरक्षणही संपलें. बाकीच्या जर्मनींत तर असा अर्ज करावयास दारच नव्हतें. दार असलें म्हणजे एकट्या माणसाच्या हातूनही काय होऊं शकतें, आणि तें मिटलें म्हणजे काय होतें, हें दोन्ही ह्या एका उदाहरणांत दिसून येतें.

महायुद्ध संपल्यावर १० डिसेंबर १९४८ रोजीं पॅरिस येथें संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनें मानवी हक्कांचा जागतिक जाहीरनामा संमत केला. बाजूनें ४८ मतें पडलीं, विरुद्ध एकही पडलें नाहीं, आणि ८ राष्ट्रें तटस्थ राहिलीं. ह्या कामीं भारताच्या वतीनें बसलेल्या श्रीमती हंसाबेन मेहता ह्या मुंबई प्रांताच्या कायदेमंडळांत काम केलेल्या बाई होत्या. इंग्रजी मसुद्याच्या पहिल्या कलमांत सर्व 'पुरुष' असा अर्थ निघूं शकेल असा शब्द होता. त्याच्या जागीं सर्व 'मानव' असा निःसंदिग्ध शब्द यावा, असा आग्रह त्यांनीं धरला आणि तो मान्य झाला. जाहीरनामा थोर खरा. पण तो होता केवळ वचन. तें मोडिलें तर कोणापुढें जावयाचें, हें त्यांत सांगितलेलें नव्हतें. साऱ्या जगाचें मिळून एक न्यायालय व्हावें आणि तेथें कोणाही माणसानें जावें, ही गोष्ट तेव्हां साधली नाहीं व अद्यापिही साधलेली नाहीं.

जें साऱ्या जगाला साधलें नाहीं, तें शेजारी राष्ट्रांना साधण्याचा संभव अधिक कां असावा? ह्याचीं कारणें तीन आहेत. पहिलें असें कीं, शेजाऱ्यांचे इतिहास आणि कायदे एकमेकांत मिसळलेले असतात. म्हणून एकाच शब्दाचा अर्थ ठरवितांना त्यांच्यांत मतभेद कमी होतात. दुसरें असें कीं, एका घरची आग शेजारच्या घराला लागतेच. १९७१ मध्यें पूर्व पाकिस्तानांत अत्याचार झाले तेव्हां जवळजवळ एक कोटि निर्वासित भारतांत आले; म्हणजे तो प्रश्न एकट्या पाकिस्तानच्या घरचा राहिलाच नाहीं. तिसरें कारण व्यवहाराचें आहे. दूरच्या राष्ट्रानें दोष दिला तर सरकार खांदे उडवितें. पण ज्याच्याशीं रोजचा व्यापार आणि रोजचें जाणेंयेणें आहे, त्या शेजाऱ्याच्या बोलण्याकडे सहसा पाठ फिरवितां येत नाहीं.

ह्या मार्गानें पहिलें पाऊल युरोपनें टाकिलें. ५ मे १९४९ रोजीं लंडन येथें दहा राष्ट्रांनीं 'युरोप परिषद' स्थापन केली. व्यापार व चलन ह्यांशीं संबंध असलेला युरोपीय संघ तो वेगळा; ही परिषद त्याहून निराळी आणि जुनी आहे. तिचें ठाणें स्ट्रासबुर्ग ह्या शहरांत ठेविण्यांत आलें. हें शहर फ्रान्स आणि जर्मनी ह्यांच्या सीमेवर असून १८७१ ते १९४४ ह्या काळांत त्याचा ताबा ह्या दोन राष्ट्रांमध्यें चार वेळां बदलला होता. ज्या शहरासाठीं शेजारी लढले, त्याच शहरांत त्यांनीं एकमेकांचा न्याय करावयाचें ठरविलें. मानवी हक्कांच्या कराराचा मसुदा करण्यांत पुढाकार घेणाऱ्यांपैकीं फ्रान्सचे पियेर-आंरी तेत्झां हे गेस्टापोच्या कैदेंत राहून आलेले होते, आणि ब्रिटनचे डेव्हिड मॅक्सवेल फाइफ ह्यांनीं न्यूरेंबर्गच्या खटल्यांत सरकारी वकिलाचें काम केलें होतें. राजसत्ता बिघडली म्हणजे काय होतें, हें त्यांना ग्रंथांतून शिकावयाचें नव्हतें.

४ नोव्हेंबर १९५० रोजीं रोम येथें ह्या करारावर सह्या झाल्या आणि ३ सप्टेंबर १९५३ पासून तो अमलांत आला. जीविताचा हक्क, छळापासून मुक्तता, विनाकारण अटक न होण्याचा हक्क, निःपक्षपाती न्याय, धर्म, विचार, भाषण आणि सभा ह्यांचें स्वातंत्र्य हीं त्याचीं मुख्य कलमें. युद्धासारख्या आणीबाणींत कांहीं हक्कांस मर्यादा घालण्याची सवलत सरकारांना दिलेली आहे. परंतु छळाच्या बंदीला कोणत्याही प्रसंगीं अपवाद ठेविलेला नाहीं.

खरा वाद पडला तो निराळ्याच मुद्द्यावर. एका राष्ट्रानें दुसऱ्या राष्ट्राविरुद्ध तक्रार करावी, हें सर्वांस मान्य होतें. पण एका य:कश्चित् माणसानें आपल्या सरकारला परक्या न्यायाधीशांपुढें खेंचावें, हें पुष्कळांच्या पचनीं पडेना. शेवटीं तोड निघाली ती अशी: व्यक्तीची तक्रार घेण्याचा अधिकार प्रत्येक राष्ट्रानें आपखुशीनें मान्य करावा, न करील त्याच्यावर सक्ति नाहीं. तक्रार प्रथम एका आयोगाकडे जाई, आणि तो तिची छाननी करी. प्रत्यक्ष न्यायालय १९५९ मध्यें स्थापन झालें. ब्रिटननें व्यक्तीच्या तक्रारीचा अधिकार १९६६ मध्यें मान्य केला. फ्रान्सनें तर १९८१ मध्यें. पुढें १ नोव्हेंबर १९९८ पासून आयोग बंद झाला, न्यायालय कायमचें झालें आणि थेट त्याच्याकडे जाण्याचा हक्क सर्व सभासद राष्ट्रांतील प्रत्येक माणसाला मिळाला. करारावर सही झाल्यापासून येथवर यावयास अठ्ठेचाळीस वर्षें लागलीं. जो कोणी आज अशी संस्था नाहीं म्हणून निराश होतो, त्यानें हा आंकडा ध्यानांत ठेवावा.

ह्या न्यायालयाची कामाची रीत साधी आहे. फिर्यादीनें आधीं आपल्या देशांतील सर्व कोर्टें पालथीं घातलीं पाहिजेत. तेथें दाद लागली नाहीं तरच, शेवटच्या निकालापासून चार महिन्यांच्या आंत, त्यास स्ट्रासबुर्गला लिहितां येतें. न्यायाधीश प्रत्येक राष्ट्रामागें एक असतो. परंतु त्याची निवड सर्व राष्ट्रांच्या प्रतिनिधींची सभा करिते. त्याची मुदत नऊ वर्षांची असून ती फिरून मिळत नाहीं. त्यामुळें पुन्हां निवडून येण्यासाठीं सरकारची मर्जी राखण्याचा मोह त्यास उरत नाहीं. निकाल लागल्यावर त्याची अंमलबजावणी होते कीं नाहीं, हें पाहण्याचें काम सर्व सभासद सरकारांच्या मंत्र्यांची समिति करिते. न्यायालयापाशीं शिपाई नाहींत, तुरुंग नाहीं. आहे तो एवढाच कीं, एका सरकारनें वचन मोडिलें तर बाकीचीं सरकारें त्यास दर बैठकीला विचारीत राहतात.

ह्या रीतीनें काय साधतें, हें विद्यार्थ्यांस जवळच्या अशा दोन उदाहरणांवरून सांगतों. आयर्लंड आणि इंग्लंड ह्यांच्या मधल्या समुद्रांत 'आइल ऑफ मॅन' नांवाचें एक बेट आहे. तेथील एका पंधरा वर्षांच्या मुलानें शाळेंतील एका मोठ्या विद्यार्थ्यास मारिलें, म्हणून १९७२ मध्यें तेथील बालगुन्हेगारांच्या कोर्टानें त्यास फोकाच्या तीन फटक्यांची शिक्षा दिली. कांहीं आठवडे ही शिक्षा त्याच्या डोक्यावर टांगती राहिली. मग दोन पोलिसांनीं त्यास धरिलें आणि तिसऱ्यानें फटके मारिले. प्रकरण स्ट्रासबुर्गला गेलें. मध्यंतरीं तो मुलगा तक्रार मागें घ्यावयास निघाला होता. परंतु प्रश्न त्याच्या एकट्याचा नाहीं, असें म्हणून आयोगानें तें प्रकरण चालूच ठेविलें. बेटावरील बहुसंख्य लोकांना ही शिक्षा पसंत आहे, असा बचाव करण्यांत आला. २५ एप्रिल १९७८ रोजीं न्यायालयानें निकाल दिला कीं, ही शिक्षा माणसाची मानहानि करणारी आहे. आणि लोकांना ती आवडते एवढ्यानें ती न्याय्य ठरत नाहीं. बहुमत जिकडे असेल तिकडे कायदा झुकतो. पण हक्क हे बहुधा ज्याच्या बाजूनें बहुमत नाहीं त्याच्याचसाठीं असतात, हें तत्त्व येथें एका खोडकर मुलाच्या निमित्तानें प्रस्थापित झालें.

दुसरें उदाहरण स्कॉटलंडचें. तेथील शाळांत चामड्याच्या पट्ट्यानें हातावर मारण्याची जुनी चाल होती. आपल्या मुलांस असें मारूं नये, असें दोन मातांचें म्हणणें होतें. त्यांपैकीं एकीच्या मुलानें १९७६ मध्यें घरीं जातांना स्मशानभूमींतून जवळची वाट काढण्याचा प्रयत्न केला, म्हणून त्यास पट्ट्याची शिक्षा फर्माविली गेली. ती त्यानें वडिलांच्या सल्ल्यावरून नाकारिली, आणि शाळेनें त्याचें नांव स्थगित केलें. त्यानंतर तो शाळेंत परत गेलाच नाहीं. २५ फेब्रुवारी १९८२ रोजीं न्यायालयानें ठरविलें कीं, मुलास मारूं नये ही आईबापांची प्रामाणिक निष्ठा आहे, आणि तिच्यापायीं मुलाचें शिक्षण बंद करणें हा कराराचा भंग आहे. निकालानंतर ब्रिटिश सरकारला कायदा बदलणें प्राप्त झालें. १९८६ मध्यें तेथील लोकसभेंत सरकारी शाळांतील मारपीट बंद करण्याची सूचना २३१ विरुद्ध २३०, म्हणजे अवघ्या एका मतानें, संमत झाली आणि पुढील वर्षीं ती अमलांत आली. आपल्याकडे २००९ च्या शिक्षणहक्काच्या कायद्यानें शाळेंत मुलांस शारीरिक शिक्षा करण्यास बंदी केलेली आहे. छडीचा धाक ज्या पिढ्यांनीं अनुभविला, त्यांना ह्या दोन मातांच्या चिकाटीचें मोल निराळें सांगावयास नको.

शेजारी राष्ट्रांनीं स्वतः होऊन शेजाऱ्याला जाब विचारल्याचें उदाहरण ग्रीसचें आहे. एप्रिल १९६७ मध्यें तेथें लष्करी अधिकाऱ्यांनीं सत्ता बळकाविली आणि हजारों लोकांस अटकेंत टाकिलें. डेन्मार्क, नॉर्वे, स्वीडन आणि नेदरलंड्स ह्या चार राष्ट्रांनीं त्याच वर्षीं आयोगाकडे फिर्याद नेली. त्यांचा स्वतःचा एकही नागरिक त्या तुरुंगांत नव्हता, किंवा त्यांस त्यांत कांहीं लाभही नव्हता. आयोगानें साक्षी घेतल्या, त्याचे सभासद अथेन्सला जाऊन आले, आणि राजकीय कैद्यांचा छळ होत असल्याचा निष्कर्ष त्यांनीं काढिला. आपणांस काढून टाकणार असें दिसतांच १२ डिसेंबर १९६९ रोजीं ग्रीसच्या सरकारनें स्वतःच परिषद सोडिली. १९७४ मध्यें लष्करी राजवट कोसळली, आणि त्याच वर्षीं ग्रीस परत आला. परिषदेमुळें ती राजवट पडली असें म्हणणें अतिशयोक्तीचें होईल. परंतु छळलेल्या लोकांचें म्हणणें अधिकृत कागदावर नोंदलें गेलें, आणि शेजाऱ्यांच्या पंक्तींत बसण्याचा मान त्या राजवटीला मिळाला नाहीं, हें कांहीं थोडें नव्हे.

आतां अटलांटिक महासागराच्या पलीकडे जाऊं. अमेरिका खंडांतील राष्ट्रांनीं आपला मानवी हक्क व कर्तव्यें ह्यांचा जाहीरनामा १९४८ मध्यें बोगोटा येथें, म्हणजे संयुक्त राष्ट्रांच्याही कांहीं महिने आधीं, संमत केला. १९५९ मध्यें त्यांनीं आयोग नेमिला, १९६९ मध्यें सान होसे येथें करार केला, आणि तो १९७८ मध्यें अमलांत आल्यावर १९७९ मध्यें कोस्टारिका देशांतील त्याच शहरीं सात न्यायाधीशांचें न्यायालय उघडलें. त्या काळांत तिकडील कित्येक देशांत लष्करी राजवटी होत्या, आणि त्यांनीं एक भयंकर युक्ति शोधून काढिली होती. नको असलेल्या माणसास रस्त्यावरून उचलावयाचें, आणि मग तो आमच्या ताब्यांत नाहींच, असें कानावर हात ठेवून सांगावयाचें. प्रेत नाहीं, पुरावा नाहीं, मग खटला कोठला? होंडुरास देशांत मान्फ्रेदो वेलास्केस नांवाचा एक विद्यार्थी १२ सप्टेंबर १९८१ रोजीं अशाच रीतीनें नाहींसा झाला. त्याच्या घरच्यांनीं देशांतील कोर्टांचे उंबरठे झिजविले. यश आलें नाहीं. प्रकरण सान होसेच्या न्यायालयापुढें आलें. तें चालू असतांना साक्षीशीं संबंध असलेल्या माणसांचे खून झाले. तरीही न्यायालय डगमगलें नाहीं. २९ जुलै १९८८ च्या निकालांत त्यानें ठरविलें कीं, माणसें नाहींशीं करण्याची रीतच त्या देशांत चालू होती हें सिद्ध झालें असेल, तर परिस्थितिजन्य पुरावा पुरेसा आहे. शिवाय अपराध कोणीही केलेला असो, त्यास प्रतिबंध करणें, त्याची चौकशी करणें आणि अपराध्यास शासन करणें हें राज्याचें कर्तव्यच होय. आपणांस ठाऊक नाहीं, असें म्हणून राज्याला सुटतां येत नाहीं, हा धडा त्या एका विद्यार्थ्याच्या नांवानें आज जगभर शिकविला जातो.

आफ्रिकेची कथा आशा आणि निराशा ह्या दोहोंनीं भरलेली आहे. नव्यानें स्वतंत्र झालेल्या तेथील राष्ट्रांनीं १९६३ मध्यें जी संघटना काढिली, तिच्या नियमांत एकमेकांच्या कारभारांत ढवळाढवळ न करण्यावर मोठा भर होता. आणि ह्या नियमाआड अत्याचारी राज्यकर्ते सुरक्षित राहिले. तथापि १९८१ मध्यें तेथील राष्ट्रांनीं आपली स्वतःची हक्कांची सनद केली व ती १९८६ मध्यें अमलांत आली. तिचें वैशिष्ट्य असें कीं, तींत व्यक्तीच्या हक्कांबरोबर समाजाचे हक्क आणि कुटुंबाविषयींचीं कर्तव्यें हींही आहेत. मानवी हक्क ही पाश्चात्यांची चाल असून ती आपल्या मातीला मानवत नाहीं, असें म्हणणाऱ्यांना ही सनद उत्तर आहे; प्रत्येक भूभागाला आपल्या परंपरेच्या शब्दांत हक्क लिहितां येतात. आयोगाचें ठाणें गांबिया देशांत बांजुल येथें, आणि २००४ मध्यें अमलांत आलेल्या दुसऱ्या करारान्वयें झालेलें न्यायालय टांझानियांत अरुशा येथें आहे. परंतु व्यक्तीला थेट न्यायालयांत जाऊं देण्याची मान्यता येथेंही राष्ट्रांच्या खुशीवर ठेविलेली आहे, आणि दिलेली मान्यता परतही घेतां येते. २०१९ मध्यें खुद्द यजमान टांझानियानें ती काढून घेतली. आफ्रिकेच्या दक्षिण भागांतील राष्ट्रांच्या दुसऱ्या एका न्यायालयाचें तर याहूनही वाईट झालें. विंडहुक येथील त्या न्यायालयानें २००८ मध्यें जमिनीच्या प्रकरणांत झिंबाब्वेच्या सरकारविरुद्ध निकाल दिला. सरकारनें तो मानिला नाहीं. आणि शेजाऱ्यांनीं त्या सरकारला शब्द लावण्याऐवजीं २०१० मध्यें न्यायालयाचेंच काम बंद पाडिलें. निवाडा नकोसा झाला तेव्हां तो देणारे पंचच घरीं पाठविले गेले.

आपल्या पूर्वेकडील आग्नेय आशियांतील राष्ट्रांची संघटना १९६७ मध्यें बँकॉक येथें निघाली. २००९ मध्यें तिनें मानवी हक्कांचा आयोग नेमिला, आणि २०१२ मध्यें नॉमपेन्ह येथें जाहीरनामाही काढिला. परंतु त्या आयोगाचे सभासद आपापल्या सरकारांनीं नेमलेले आणि त्यांनाच जबाबदार असतात, निर्णय सर्वांच्या एकमतानें होतात, आणि एखाद्या माणसाच्या तक्रारीवर निवाडा देण्याचा अधिकार त्यास नाहीं. म्हणजे ज्याच्याविरुद्ध तक्रार, त्याचीही संमति हवी! तरीही एक पाटी लागली, एक बैठक भरूं लागली, हें आरंभ म्हणून कमी लेखूं नये.

आतां आपल्या घरीं येऊं. दक्षिण आशियांतील सात राष्ट्रांनीं ८ डिसेंबर १९८५ रोजीं ढाका येथें 'सार्क' ही संघटना स्थापिली. पुढें अफगाणिस्तान आल्यावर सभासद आठ झाले. तिच्या सनदेंतच असें म्हटलें आहे कीं, निर्णय एकमतानें व्हावेत, आणि दोन राष्ट्रांमधील वादग्रस्त प्रश्न तेथें काढूं नयेत. स्त्रिया व मुलें ह्यांच्या अनीतिकारक व्यापारास आळा घालण्याचा एक करार तिनें ५ जानेवारी २००२ रोजीं काठमांडू येथें केला. पण तो मोडिला तर एखाद्या पीडित मुलीनें कोणाकडे जावें, ह्याची सोय त्यांत नाहीं. राष्ट्रप्रमुखांची परिषद तर २०१४ नंतर भरलेलीच नाहीं. युरोप, अमेरिका आणि आफ्रिका ह्या तिन्ही ठिकाणीं प्रादेशिक न्यायालयें आहेत. जगाच्या लोकसंख्येचा सुमारें चौथा हिस्सा ज्या भागांत राहतो, त्या आपल्या भागांत न्यायालय नाहीं कीं आयोगही नाहीं.

ह्या उणिवेची किंमत कोण देतें, हें पाहावयाचें असेल तर आपल्याच किनाऱ्याकडे पाहावें. गुजराथच्या समुद्रांत भारत आणि पाकिस्तान ह्यांची हद्द सर खाडीपाशीं अद्यापि ठरलेली नाहीं. पाण्यावर रेघ ओढतां येत नाहीं. वारा आणि मासळी जिकडे नेईल तिकडे होडी जाते. दोन्ही देशांचे कोळी अशा रीतीनें परक्या हद्दींत सांपडून पकडले जातात, आणि त्यांत गुजराथच्या बोटींवर मजुरीनें जाणारे आपल्या पालघर जिल्ह्यांतील खलाशीही असतात. त्यांची शिक्षा थोड्या महिन्यांची असली तरी, नागरिकत्वाची खात्री पटून सुटका होईपर्यंत कित्येकदां वर्षें लोटतात. आणि किनाऱ्यावरच्या घरांत मिळवता हात नाहींसा होतो. ह्या माणसांनीं कोणतें युद्ध केलें होतें?

समाधानाची गोष्ट अशी कीं, ह्याच प्रश्नांत शेजारी न्यायाचें एक लहानसें बीज पेरलेलें आहे. दोन्ही सरकारांनीं २००७ मध्यें निवृत्त न्यायाधीशांची एक संयुक्त समिति नेमिली. दोन्ही बाजूंचे न्यायाधीश मिळून एकमेकांच्या देशांतील तुरुंगांत जात, कैद्यांशीं बोलत, आणि शिक्षा संपलेल्यांस, आजाऱ्यांस व स्त्रियांस सोडण्याची शिफारस करीत. २१ मे २००८ च्या करारान्वयें दोन्ही सरकारें दर वर्षीं १ जानेवारी आणि १ जुलै रोजीं कैद्यांच्या याद्या एकमेकांस देतात. राजकीय संबंध कितीही बिघडले तरी याद्यांचा हा क्रम चालत आलेला आहे. न्यायाधीशांच्या भेटी मात्र २०१३ पासून थांबल्या. एकमेकांवर विश्वास नसलेल्या दोन राष्ट्रांचे न्यायाधीश एका तुरुंगाच्या अंगणांत एकत्र बसूं शकतात, हें त्या सहा वर्षांत सिद्ध झालें.

अशा संस्थांविरुद्ध जे आक्षेप घेतले जातात, त्यांचाही विचार केला पाहिजे. पहिला आक्षेप सार्वभौमत्वाचा. परक्यांनीं आमच्या घरांत कां डोकवावें? परंतु करार करण्यास कोणी कोणास भाग पाडीत नाहीं. स्वतःच्या हातानें स्वतःवर बंधन घालून घेणें हें दुबळेपणाचें लक्षण नसून संयमाचें आहे. दुसरा आक्षेप असा कीं, बलाढ्य राष्ट्र ऐकत नाहीं. हा खरा आहे. रशियानें युक्रेनवर स्वारी केल्यावर १६ मार्च २०२२ रोजीं युरोप परिषदेनें त्यास काढून टाकिलें, आणि त्याच वर्षीं १६ सप्टेंबरपासून रशिया करारांतूनही बाहेर पडला. त्यानंतर घडलेल्या अन्यायाबद्दल तेथील माणसाला स्ट्रासबुर्गचें दार मोकळें राहिलें नाहीं. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांनीं सान होसेचा करार अजून मंजूर केलेला नाहीं. तिसरा आक्षेप विलंबाचा. २०२४ च्या अखेरीस युरोपच्या न्यायालयापुढें सुमारें ६०,००० तक्रारी पडून होत्या. परंतु गर्दी ही दवाखान्यापुढेंही असते, आणि तिच्यावरून दवाखाना निरुपयोगी आहे असें कोणी म्हणत नाहीं.

वरील सर्व इतिहासावरून अशा संस्थेची पारख करण्यास तीन कसोट्या हातीं येतात. एकट्या माणसाला तिचें दार स्वतः ठोठावतां येतें काय? न्याय देणारा आपल्या सरकारच्या मर्जीपासून मोकळा आहे काय? आणि दिलेला न्याय पाळला जातो कीं नाहीं, हें बाकीचे शेजारी नेटानें पाहतात काय? युरोपांत ह्या तिन्ही गोष्टी बव्हंशीं आहेत, म्हणून एका मुलाच्या तीन फटक्यांनीं कायदा बदलला. विंडहुकला पहिल्या दोन होत्या, तिसरी नव्हती; म्हणून न्यायालयच बंद पडलें. आग्नेय आशियांत पहिलीच नाहीं. संस्थेचें नांव मोठें कीं लहान, इमारत संगमरवरी कीं साधी, ह्याला महत्त्व नाहीं.

आपल्या भागांत हें काम एकदम न्यायालयानें सुरू होणार नाहीं, आणि व्हावें अशी अपेक्षाही करूं नये. कैद्यांसाठीं नेमलेली ती समिति फिरून चालू व्हावी आणि श्रीलंका व बांगलादेश ह्यांच्याशींही तशीच व्यवस्था व्हावी; भारतांत १९९३ पासून व नेपाळांत २००० पासून असलेल्या राष्ट्रीय मानवी हक्क आयोगांनीं एकमेकांकडे येणाऱ्या तक्रारींत हात द्यावा; २००२ च्या कराराच्या पालनाचा अहवाल दर वर्षीं उघडपणें वाचला जावा; आणि मग ज्या राष्ट्रांची तयारी असेल तेवढ्यांनींच, आपखुशीनें, व्यक्तीच्या तक्रारी ऐकणारा आयोग काढावा. इतरांनीं मागाहून यावें. युरोपांतही ब्रिटन आणि फ्रान्स मागाहूनच आले.

विद्यार्थिमित्रहो, ह्यांतील बरेंचसें काम मुत्सद्द्यांचें आहे, हें खरें. पण मुत्सद्दी लोकमताबाहेर जात नाहींत, आणि उद्यांचें लोकमत आज तुमच्या वर्गांत घडत आहे. शेजारच्या देशांतील माणसावर अन्याय झाल्याची वार्ता वाचून आपणांस आनंद वाटला, तर आपल्यावरील अन्यायाच्या वेळीं शेजाऱ्यानें धांवून यावें असें म्हणण्याचा अधिकार आपण गमावितों. ज्या चार राष्ट्रांनीं ग्रीसच्या कैद्यांसाठीं फिर्याद नेली, त्यांनीं हा शेजारधर्म पाळिला. कराचीच्या तुरुंगांतील आपला खलाशी आणि आपल्या तुरुंगांतील त्यांचा खलाशी, ह्या दोघांसाठीं एकच माप वापरावयास आपण शिकलों, म्हणजे दक्षिण आशियाच्या न्यायासनाचा पाया भरावयास प्रारंभ झाला असें समजावें.